खुल्या परिपथाचा टीव्ही : शैना आनंद यांचा ‘खिडकीयाँ’ हा प्रयोग

उद्दिष्टे

हा घटक अभ्यासल्यानंतर तुम्हाला पुढील गोष्टी करता येतील :

• प्रसारण टीव्ही, सीसीटीव्ही आणि खुल्या परिपथाचा टीव्ही यांतला फरक जोडणीच्या आकृतीवरून सांगणे.
• ‘खिडकीयाँ’ या २००६ मधील प्रयोगाची मांडणी आणि त्यामागचा विचार स्पष्ट करणे.
• चार ठिकाणांमधला दुतर्फा चित्र-ध्वनी परिपथ कागदावर आखणे आणि त्यातल्या अडचणी ओळखणे.
• अशा परिपथात संमती, बटण आणि ध्वनिचित्रमुद्रण यांबाबतचे निर्णय कोणाचे असावेत, यावर स्वतःचे मत कारणांसह मांडणे.

१. प्रास्ताविक

तुमच्या कॉलेजच्या फाटकाशी सुरक्षारक्षकाची खोली असेल. आमच्या फरीदाबादच्या कॉलेजात आहे. आत एक मोठा पडदा, त्यावर नऊ किंवा सोळा चौकटी. फाटक, सायकल स्टँड, कँटीन, प्रयोगशाळेचा जिना अशी सगळी ठिकाणे त्यात दिसतात. पडद्यासमोरचा माणूस सगळ्यांना पाहतो. पडद्यातल्या कोणालाही तो दिसत नाही, आणि पडद्यातली माणसेही एकमेकांना पाहू शकत नाहीत.

आता घरातला टीव्ही आठवा. तिथे उलट आहे. स्टुडिओत एक माणूस बोलतो आणि लाखो लोक त्याला पाहतात. त्याला त्यांतले कोणीच दिसत नाही.

पहिल्या मांडणीत अनेकांकडून एकाकडे चित्र जाते, दुसरीत एकाकडून अनेकांकडे. दोन्हींत उपकरणे जवळजवळ तीच असतात : कॅमेरा, मायक्रोफोन, केबल आणि पडदा. मग याच उपकरणांतून अनेकांकडून अनेकांकडे चित्र का जाऊ नये? तारेला तर दिशा नसते. दिशा आपण ठरवतो.

हा प्रश्न एका कलाकाराने दिल्लीच्या एका वस्तीत प्रत्यक्ष जोडणी करून विचारला. फरीदाबादहून ती जागा फार लांब नाही. बाटा चौकात मेट्रोची व्हायोलेट लाइन पकडायची, कालकाजी मंदिरला मॅजेंटा, हौज खासला यलो, आणि मालवीय नगरला उतरून चालत खिडकी एक्स्टेन्शन. या घटकात आपण त्या प्रयोगाची ओळख करून घेऊ. इलेक्ट्रॉनिक्सच्या विद्यार्थ्यांना त्यात परिपथ दिसेल, समाजशास्त्राच्या विद्यार्थ्यांना वस्ती दिसेल. दोघांनीही दोन्ही पाहावे ही अपेक्षा आहे.

२. विषय-विवेचन

२.१ पार्श्वभूमी : एकतर्फी टीव्हीचा वारसा

भारतात टीव्हीची सुरुवात १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत झाली. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. सुरुवातीपासूनच टीव्हीकडे लोकशिक्षणाचे साधन म्हणून पाहिले गेले. त्याचा सर्वांत मोठा प्रयोग म्हणजे ‘साइट’, म्हणजेच उपग्रह शैक्षणिक दूरचित्रवाणी प्रयोग. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षभरात अमेरिकेच्या एटीएस-६ या उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २४०० गावांत कार्यक्रम पोहोचवले गेले. गावात सामुदायिक टीव्ही संच आणि छपरावर कोंबड्यांच्या जाळीसारख्या तारेची मोठी थाळी, अशी ही व्यवस्था होती. अभियांत्रिकीच्या दृष्टीने ते मोठेच यश होते. पण सिग्नल खाली येत होता, वर जात नव्हता. शेतकऱ्याने काय पेरावे हे टीव्ही सांगत होता. शेतकऱ्याला काही सांगायचे असेल तर त्याची तार नव्हती.

ही उणीव लक्षात आली नव्हती असे नाही. गुजरातच्या खेडा जिल्ह्यात पीज गावी कमी शक्तीचा प्रक्षेपक बसवून इस्रोने स्थानिक कार्यक्रमांचा प्रयोग केला. त्यात गावकऱ्यांचे प्रश्न आणि गावकऱ्यांचे चेहरे पडद्यावर आले. पुढे १९९० च्या दशकात मध्य प्रदेशातल्या झाबुआ जिल्ह्यात १५० ग्रहण केंद्रे उभी राहिली आणि १२ ठिकाणी उलट बोलण्याचीही सोय झाली. हा १५० आणि १२ चा हिशेब लक्षात ठेवा. ऐकण्याची सोय किती जणांना आणि बोलण्याची किती जणांना, हे कोणत्याही संपर्कव्यवस्थेबद्दल विचारता येते.

कायद्याच्या अंगानेही एक टप्पा महत्त्वाचा आहे. फेब्रुवारी १९९५ मध्ये क्रिकेट सामन्यांच्या प्रक्षेपणावरून चाललेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे असा निर्णय दिला. त्याच वर्षी केबल टीव्हीचा कायदा आला. तोवर शहरोशहरी गल्लीतल्या केबलवाल्यांचे जाळे पसरले होते. महाराष्ट्रातल्या तालुक्याच्या गावी वाढलेल्यांना ‘केबलवाल्याचा चॅनेल’ आठवत असेल. त्यावर गणपती विसर्जन, शाळेचे स्नेहसंमेलन आणि दुकानांच्या जाहिराती लागत. अॅनालॉग काळात हे तांत्रिकदृष्ट्या सोपे होते. केबलवाल्याच्या खोलीत एक व्हिडिओ प्लेयर आणि एक मॉड्युलेटर असला की रिकाम्या वाहिनीवर काहीही सोडता येई. पर्यायी टीव्हीची शक्यता आपल्याच गल्लीत पडून होती.

२.२ कलाकार आणि आधीचे प्रयोग

शैना आनंद या मुंबईच्या चित्रपटकर्त्या आणि माध्यम-कलाकार. गल्लीत पडून असलेली ही शक्यता त्यांनी गंभीरपणे घेतली. २००४ मध्ये बेंगळुरूच्या रसेल मार्केटमध्ये ‘रसल टीव्ही’ नावाची तात्पुरती वाहिनी चालली. ती बाजाराविषयी, बाजारातल्या माणसांसोबत आणि बाजारातच पाहायची होती. २००५ मध्ये त्याच शहरात ‘डब्ल्यूआय सिटी टीव्ही’ हा प्रयोग स्थानिक केबलच्या आधाराने झाला.

या दोन प्रयोगांत वाहिनी लहान झाली, जवळ आली. तरी ती वाहिनीच राहिली. कोणीतरी चित्रण करणार, कोणीतरी जोडकाम करणार, मग बाकीचे पाहणार. पुढची पायरी होती ही मधली माणसे काढून टाकण्याची. ती २००६ मध्ये दिल्लीत आली.

२.३ जागा : खिडकी

खिडकी गावाचे नाव तिथल्या मशिदीवरून पडले. फिरोजशाह तुघलकाचा वजीर खान-ए-जहाँ जुनान शाह याने चौदाव्या शतकात बांधलेली ही मशीद तिच्या जाळीदार खिडक्यांसाठी ओळखली जाते. गावाच्या कडेने वाढत गेलेली वस्ती म्हणजे खिडकी एक्स्टेन्शन. इथे जुने जमीनदार, भाड्याने राहणारी कुटुंबे, बाहेरगावहून आलेले कामगार, छोटी दुकाने आणि कारखानावजा खोल्या अगदी दाटीने राहतात. २००६ मध्ये रस्त्यापलीकडे साकेतचे मोठे मॉल अजून उभे राहत होते.

‘खोज’ ही कलाकारांची संस्था याच वस्तीत आहे. १९९७ मध्ये दिल्लीजवळच्या मोदीनगर इथल्या कार्यशाळेतून तिची सुरुवात झाली आणि २००२ मध्ये ती खिडकीत आली. तिथल्या निवासी कार्यक्रमात शैना आनंद यांनी ‘खिडकीयाँ’ उभारले. नावात वस्तीचे नाव आहे, हिंदीतल्या अनेक खिडक्या आहेत, आणि मराठी कानाला त्यात ‘यान’ही ऐकू येते.

२.४ मांडणी

वस्तीत एकमेकांपासून चालत जाण्याइतक्या अंतरावर चार ठिकाणे निवडली गेली. प्रत्येक ठिकाणी एक टीव्ही संच, एक स्वस्तातला सीसीटीव्ही कॅमेरा आणि एक मायक्रोफोन. गल्लीतून केबल ओढलेल्या. चारही कॅमेऱ्यांची चित्रे एका क्वॉड प्रोसेसरमध्ये आणली. हे उपकरण सुरक्षा-साहित्याच्या बाजारात सहज मिळते. ते चार चित्रे घेते आणि एकाच पडद्याचे चार भाग करून ती शेजारी शेजारी दाखवते.

इथवरची जोडणी सुरक्षारक्षकाच्या खोलीतलीच आहे. फरक पुढच्या एका तारेत आहे. क्वॉडमधून निघालेले चित्र बंद खोलीतल्या मॉनिटरला न देता चारही टीव्हींना परत दिले गेले. त्यामुळे प्रत्येक ठिकाणी बसलेल्याला स्वतःसकट चारही ठिकाणची माणसे दिसू लागली. आवाजही तसाच फिरवला. मग लोक बोलू लागले. या बोलण्याचे सात भाग झाले. एका भागात घरांतल्या बायका, आपापल्या घरातच बसून, एकमेकींशी बोलल्या.

ज्यांनी चाळ पाहिली आहे त्यांना हे ओळखीचे वाटेल. गॅलरीत उभे राहून समोरच्या गॅलरीशी बोलायचे, मधे चौक. दोघेही एकमेकांना पाहतात आणि आपण पाहिले जातो आहोत हे दोघांनाही ठाऊक असते. खिडकीच्या अरुंद गल्ल्यांत असा चौक नव्हता. केबलने तो काही काळ तयार केला. आणि चौकात न येणारी माणसेही त्यात आली. घराबाहेर फार न पडणारी बाई आणि दुसऱ्या गल्लीतली, कदाचित कधीच भेटली नसती अशी बाई, या दोघी एका पडद्यावर शेजारी बसल्या.

‘ओपन सर्किट’ या शब्दावर इलेक्ट्रॉनिक्सच्या विद्यार्थ्यांनी अडखळू नये. प्रयोगशाळेत ओपन सर्किट म्हणजे तुटलेला परिपथ, ज्यातून प्रवाह वाहत नाही. इथे शब्द सीसीटीव्हीतल्या ‘क्लोज्ड’ला उत्तर म्हणून वापरला आहे. बंद खोलीत संपणारी तार बाहेर काढली, एवढाच त्याचा अर्थ. विद्युतदृष्ट्या हा परिपथ अगदी पूर्ण आहे. किंबहुना सीसीटीव्हीच अर्धा आहे असे म्हणता येईल.

२.५ यात कला कुठे आहे?

वर्गात हा प्रश्न दरवर्षी येतो. कलाकार स्वतः पडद्यावर नाही, संवाद लिहिलेले नाहीत, तालीम नाही. मग याला प्रयोग म्हणायचे ते कशावरून?

परफॉर्मन्स कलेत कलाकार वस्तू बनवत नाही, प्रसंग घडवतो. इथे कोणती चार ठिकाणे एकमेकांना जोडायची, किती वेळ जोडायची, कॅमेरा कुठे ठेवायचा, हे निर्णय कलाकाराचे. त्यानंतर काय घडेल हे तिच्या हातात नाही. पथनाट्यात नट रस्त्यावर येतात आणि लोक प्रेक्षक होतात. इथे लोकच नट आणि लोकच प्रेक्षक, तेही एकाच क्षणी.

यापेक्षा महत्त्वाची एक गोष्ट तंत्रातच दडलेली आहे. टीव्हीची खरी सत्ता कॅमेऱ्यात नसते, जोडकामात असते. चार जण वाद घालत असताना कोणाचा चेहरा दाखवायचा, कोणाचे वाक्य मधेच तोडायचे, हे नियंत्रण कक्षात बसलेला माणूस ठरवतो. चर्चेच्या कार्यक्रमात सूत्रधाराच्या सोयीने माइक बंद होताना तुम्ही पाहिले असेल. क्वॉड पडद्यावर ‘कट’च नाही. बोलणारा दिसतो, आणि त्याच वेळी ऐकणारेही दिसतात. एकाने काही बोलल्यावर दुसऱ्या कोपऱ्यातली बाई हसली की तोंड फिरवून बसली, हे सगळ्यांना दिसते. पाळत ठेवण्यासाठी बनलेले स्वस्त उपकरण संपादकाची खुर्ची रिकामी करते. हा गुण क्वॉड प्रोसेसरमध्ये आधीपासून होता. तो वापरात आणण्यासाठी जोडणी बदलावी लागली.

२.६ जगातले समांतर प्रयोग

हा विचार एकट्या खिडकीचा नाही. जर्मन नाटककार ब्रेश्ट यांनी १९३२ मध्येच रेडिओबद्दल तक्रार मांडली होती की हे यंत्र केवळ वाटप करते, त्याला दुतर्फा संपर्काचे साधन करायला हवे. १९६७ मध्ये सोनीचा पोर्टापॅक हा एका माणसाला उचलता येणारा व्हिडिओ संच आला आणि अमेरिका-कॅनडात पर्यायी टीव्हीची लाट आली. कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळाच्या एका उपक्रमात माँट्रियलच्या गरीब वस्तीतल्या रहिवाशांच्या हाती व्हिडिओ यंत्रे दिली गेली.

खिडकीच्या सर्वांत जवळचा प्रयोग म्हणजे नोव्हेंबर १९८० मधला ‘होल इन स्पेस’. किट गॅलवे आणि शेरी रॅबिनोविट्झ यांनी न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिसमधल्या दोन रस्त्यांवर माणसाच्या उंचीचे पडदे लावले आणि उपग्रहाने ते जोडले. पाटी नाही, जाहिरात नाही. तीन संध्याकाळी चाललेल्या या प्रयोगात अनोळखी लोक आधी दचकले, मग बोलू लागले, आणि शेवटी दूरचे नातेवाईक ठरवून समोरासमोर आले. तिथे हजारो किलोमीटर ओलांडायचे होते आणि उपग्रह लागला. खिडकीत दोन-तीन गल्ल्या ओलांडायच्या होत्या. पण भाषा, जात, भाडेकरू-मालक असे अंतर धरले तर खिडकीतले अंतर कमी होते असे म्हणवत नाही.

२.७ परिपथाचा अभ्यास

आता कागद-पेन्सिल घ्या. असा परिपथ आखताना येणारे पाच प्रश्न आपण पाहू. पुढील विवेचन सर्वसाधारण आहे, खिडकीतल्या नेमक्या जोडणीचा तो नकाशा नव्हे.

(अ) केबल किती? ‘न’ ठिकाणे परस्परांना थेट जोडायची तर न × (न − १) एकतर्फी तारा लागतात. चार ठिकाणांना १२, दहा ठिकाणांना ९०. मधे एक केंद्र ठेवले तर प्रत्येकाची एक तार जाणारी आणि एक येणारी, म्हणजे २ × न. चार ठिकाणांना ८, दहांना २०. म्हणून केंद्र सोयीचे पडते. पण लक्षात घ्या, केंद्र आले की केंद्रात बसणारा माणूसही आला. तारा वाचवल्याची किंमत सत्तेच्या रूपात मोजावी लागते.

(आ) चित्र किती टीव्हींना वाटता येते? संमिश्र व्हिडिओ सिग्नल १ व्होल्टचा आणि केबलचा रोध ७५ ओहम असतो. एकाच तारेला सरळ दोन टीव्ही समांतर जोडले तर भार ३७.५ ओहम होतो आणि सिग्नलची पातळी दोन-तृतीयांशावर येते. चार जोडले तर चित्र आणखी फिके. म्हणून वितरण अॅम्प्लिफायर लागतो. आरजी-५९ सारख्या कोॲक्सियल केबलवर साधारण दोनशे मीटरपर्यंत मधे अॅम्प्लिफायर न लावता काम भागते. गल्लीच्या मापाच्या टीव्हीला ते पुरेसे आहे.

(इ) चित्र किती स्पष्ट? पाल पद्धतीचे ७२० × ५७६ बिंदूंचे चित्र चार भागांत वाटले की प्रत्येकाच्या वाट्याला ३६० × २८८ येतात. सोळा जणांत वाटले तर चेहऱ्यावरचे भाव हरवतात. म्हणजे असा टीव्ही मुळातच थोड्या लोकांचा आहे. तो मोठा करता येत नाही, जागोजागी पुन्हा उभा करावा लागतो.

(ई) आवाज घुमला तर? टीव्हीचा स्पीकर आणि मायक्रोफोन एकाच खोलीत असतील तर आवाज फिरून फिरून वाढतो आणि शिट्टी वाजते. एका फेरीत मिळणारे एकूण वर्धन १ किंवा अधिक झाले आणि कला जुळली की दोलन सुरू होते, हा बार्कहाउसेनचा निकष तुम्ही दोलकाच्या पाठात शिकला आहात. उपाय असा : प्रत्येक ठिकाणी फक्त इतरांचा आवाज पाठवायचा. पहिल्या ठिकाणचे निर्गत = आ२ + आ३ + आ४. स्टुडिओत या पद्धतीला ‘मिक्स-मायनस’ म्हणतात. सोप्या भाषेत, यंत्राने तुम्हाला तुमचेच बोलणे ऐकवत बसू नये.

(उ) विलंब किती? दोनशे मीटर केबलमध्ये सिग्नलला साधारण एक मायक्रोसेकंद लागतो. क्वॉड प्रोसेसर एखाद-दुसरी फ्रेम साठवतो आणि एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची असते. संभाषण सहज वाटण्यासाठी एकतर्फी विलंब १५० मिलिसेकंदांच्या आत असावा अशी आंतरराष्ट्रीय शिफारस आहे. आपला परिपथ आरामात आत बसतो. इंटरनेटवरच्या व्हिडिओ कॉलमध्ये दोघे एकदम बोलतात, दोघे एकदम थांबतात, त्यामागे बहुतेक वेळा हाच विलंब असतो.

२.८ एक प्रात्यक्षिक आणि एक टॉवेल

काही वर्षांपूर्वी तिसऱ्या वर्षाच्या मुलांनी आमच्याकडे हा परिपथ उभा केला. बदलून टाकलेले अॅनालॉग कॅमेरे भांडारात पडून होते, ते वापरले. चार ठिकाणे ठरली : कँटीन, वर्कशॉप, ग्रंथालयाचा दरवाजा आणि सुरक्षारक्षकाची खोली. कॅमेरा टीव्हीच्या डोक्यावर ठेवला, म्हणजे पडद्याकडे पाहणारा माणूस समोरच्याकडे पाहतो आहे असे वाटते.

सगळे छान चालले होते. वर्कशॉपचे मिस्त्री आणि ग्रंथालयातली मुले गप्पा मारत होती. इतक्यात एक चौकट काळी झाली. मुलांनी कनेक्टर तपासले, केबल तपासली, क्वॉडचे इनपुट बदलून पाहिले. शेवटी एक जण कँटीनकडे धावला. तिथल्या पोऱ्याने कॅमेऱ्यावर टॉवेल टाकला होता. आवाज मात्र त्याने चालू ठेवला होता आणि तो मिस्त्रींशी मजेत बोलत होता.

मुले हसली. मलाही हसू आले, पण थोडा वेळच. आमच्या आराखड्यात अॅम्प्लिफायर होता, मिक्सर होता, रोध जुळवलेले होते. पण कॅमेऱ्यासमोर बसणाऱ्याच्या हातात एकही बटण नव्हते. त्या पोऱ्याला बोलायचे होते, दिसायचे नव्हते, आणि ही निवड आम्ही त्याला दिलीच नव्हती. ‘आपण खुला परिपथ केला’ असे आम्ही अभिमानाने म्हणत होतो, आणि त्याच्या बाजूने तो आणखी एक सीसीटीव्ही होता. चूक माझी होती. आराखडा मीच तपासला होता.

दुसऱ्या दिवशी मुलांनी प्रत्येक ठिकाणी दोन बटणे बसवली, एक चित्राचे आणि एक आवाजाचे. दोन साध्या स्विचनी परिपथाचा स्वभाव बदलला. सुरक्षारक्षकांनी सर्वांत आधी चित्राचे बटण बंद केले. तेही समजण्यासारखे आहे. पाहण्याची सवय असलेल्याला पाहिले जाण्याची सवय नसते.

२.९ मुद्रण कोणाचे?

खिडकीयाँचे मुद्रण उपलब्ध आहे. शैना आनंद, अशोक सुकुमारन आणि संजय भांगर यांनी २००७ मध्ये मुंबईत ‘कॅम्प’ हा गट स्थापन केला. २००८ मध्ये त्यांनी इतर संस्थांसोबत ‘पॅड.मा’ हे खुले व्हिडिओ संग्रहालय सुरू केले. तिथे तयार चित्रपटांऐवजी कच्चे चित्रण टिपणांसह ठेवले जाते.

इथे एक अवघड प्रश्न उरतो आणि तो टाळता कामा नये. २००६ मध्ये गल्लीतल्या चार घरांपुरते बोललेले वाक्य आज जगात कुठेही ऐकता येते. बोलणाऱ्याला त्या वेळी समोर तीन कोपरे दिसत होते. पाचवा प्रेक्षक, म्हणजे तुम्ही-आम्ही, त्याला दिसत नव्हतो. प्रत्यक्ष चालू असताना परिपथ समान होता. मुद्रण पाहताना आपण पुन्हा एकतर्फी प्रेक्षक होतो. दुसरी बाजूही खरी आहे : मुद्रण नसते तर शहरातल्या साध्या माणसांचे हे बोलणे, कोणी न कापलेले, आपल्यापर्यंत आलेच नसते. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खासगीपणा हा मूलभूत अधिकार मानला आणि २०२३ मध्ये वैयक्तिक डिजिटल माहितीच्या संरक्षणाचा कायदा झाला. पण दिसणाऱ्याला किती सांगायचे, किती काळ साठवायचे, हे ठरवणारे बरेचसे निर्णय आजही आराखडा काढणाराच घेतो. उद्या तो तुम्ही असाल.

२.१० पुढचा प्रवास

कॅम्पने पाळतीच्या कॅमेऱ्याचा पाठपुरावा सोडला नाही. २००८ मध्ये इंग्लंडच्या मँचेस्टर शहरात त्यांनी सामान्य नागरिकांना सीसीटीव्हीच्या नियंत्रण कक्षात आणले. ज्यांना रोज पाहिले जाते ते आता पडद्यासमोर बसले. २००९ मध्ये जेरुसलेममधल्या पॅलेस्टिनी कुटुंबांच्या हाती फिरता कॅमेरा दिला गेला. आपल्या घरातूनच त्यांनी शेजार, आणि काही जणांनी आपण ज्यातून बाहेर काढले गेलो ती घरे, न्याहाळत बोलणे केले. २०२२ च्या ‘बॉम्बे टिल्ट्स डाउन’मध्ये मध्य मुंबईतल्या पस्तीस मजली इमारतीवरचा एक सीसीटीव्ही कॅमेरा आभाळापासून वस्त्यांपर्यंत हळूहळू खाली वळतो आणि शहर सात पडद्यांवर उलगडते. २०२५ मध्ये न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टने कॅम्पच्या कामाचे प्रदर्शन भरवले, त्यात खिडकीयाँही होते.

दरम्यान दिल्ली-मुंबईत २०१२ पासून केबल डिजिटल झाली. घरोघरी सेट-टॉप बॉक्स आले आणि गल्लीतल्या केबलवाल्याने मधेच एक वाहिनी घुसवण्याचे दिवस सरले. कॅमेरे मात्र वाढतच गेले. प्रत्येकाच्या खिशात आता कॅमेरा, माइक आणि पडदा आहे. तुम्ही म्हणाल, मग खिडकीयाँची गरज काय, व्हिडिओ कॉल आहेच. पण व्हिडिओ कॉलला क्रमांक लागतो, म्हणजे ओळख लागते. खिडकीयाँने ओळख नसलेल्या शेजाऱ्यांना जोडले. ते काम फोन आपोआप करत नाही.

३. सारांश

टीव्ही एकतर्फी असणे हा उपकरणाचा गुणधर्म नाही, जोडणीचा निर्णय आहे. शैना आनंद यांनी २००६ मध्ये दिल्लीच्या खिडकी एक्स्टेन्शनमध्ये पाळतीसाठी बनलेली स्वस्त साधने वापरून, क्वॉडचे निर्गत चारही ठिकाणी परत देऊन, हे दाखवून दिले. पडद्यावर सगळे सतत दिसत असल्याने संपादकाची सत्ता कमी झाली. मात्र ठिकाणे कोणी निवडली, बटण कोणाच्या हाती आहे आणि मुद्रण कोणाकडे राहते, हे प्रश्न तार जोडल्याने आपोआप सुटत नाहीत. त्यांची उत्तरे आराखड्यातच लिहावी लागतात.

४. पारिभाषिक शब्द

क्वॉड प्रोसेसर : चार व्हिडिओ सिग्नल घेऊन एकाच पडद्यावर चार चौकटींत दाखवणारे उपकरण.
वितरण अॅम्प्लिफायर : एक सिग्नल पातळी न घटवता अनेक संचांना वाटणारे उपकरण.
मिक्स-मायनस : प्रत्येक ठिकाणी त्याचा स्वतःचा आवाज वगळून बाकीचे आवाज पाठवण्याची पद्धत.
खुल्या परिपथाचा टीव्ही : ज्यात पाहणारा आणि पाहिला जाणारा एकच असतो अशी स्थानिक जोडणी.

५. स्वयं-अध्ययन प्रश्न

१) सहा ठिकाणे परस्परांना थेट जोडल्यास आणि केंद्रातून जोडल्यास किती एकतर्फी तारा लागतील?
२) ७५ ओहमच्या स्रोताला ७५ ओहमचे तीन टीव्ही समांतर जोडल्यास सिग्नलची पातळी मूळच्या किती पट राहील?
३) क्वॉड पडद्यावर ‘कट’ नसल्याने संभाषणात कोणता फरक पडतो? चर्चेच्या एखाद्या टीव्ही कार्यक्रमाशी तुलना करा.
४) साइट, झाबुआ आणि खिडकीयाँ या तिन्हींत ऐकणारे किती आणि बोलणारे किती, याची तुलना करा.

६. क्षेत्रीय कार्य

तुमच्या कॉलेजात किंवा वसतिगृहात किती कॅमेरे आहेत, त्यांचे चित्र कुठे जाते, किती दिवस साठवले जाते आणि ते कोण पाहू शकते, याची माहिती रीतसर विचारून मिळवा. मिळालेल्या उत्तरांवरून जोडणीची आकृती काढा. जिथे उत्तर मिळाले नाही तिथे प्रश्नचिन्ह लिहा. मग त्याच आकृतीत एकच तार बदलून ती खुली करायची झाली तर कोणती बदलाल ते ठरवा, आणि त्या तारेच्या दोन्ही टोकांना असलेल्या माणसांना आधी विचारा.